दहा रीच्या पलीकडची झाडं

१८६०च्या सप्टेंबरात कार्ल माक्सिमोविच हा बत्तीस वर्षांचा रशियन वनस्पतिशास्त्रज्ञ जपानच्या उत्तर टोकाला, हाकोदाते बंदरात उतरला. शहराच्या मागे डोंगर, डोंगरावर रान, आणि त्या रानातल्या कित्येक झाडांना युरोपातल्या शास्त्रात अजून नावही नाही. अशा ठिकाणी पोचणं म्हणजे वनस्पतिशास्त्रज्ञाला घबाड सापडल्यासारखंच. पण घबाड दिसत असलं तरी हाताला लागत नव्हतं.

दोनशेहून अधिक वर्षं जपानने परदेशी माणसाला दार जवळजवळ बंद ठेवलं होतं. अमेरिकन तोफांच्या धाकाने ते नुकतंच किलकिलं झालं होतं. ठरावीक बंदरांत परदेशी लोकांना राहता येई, व्यापार करता येई. मात्र बंदरापासून दहा रीच्या बाहेर पाऊल टाकायची मनाई होती. री हे अंतराचं जपानी माप. दहा री म्हणजे साधारण चाळीस किलोमीटर. फूजीच्या उतारावर काय उगवतं, शिनानो प्रांताच्या खोऱ्यांत कोणते मेपल आहेत, हे जाणून घ्यायचं तर दुसऱ्या कुणाच्या तरी पायांनी जावं लागणार होतं.

ते पाय माक्सिमोविचला हाकोदातेतच मिळाले. नानबू जहागिरीतला, म्हणजे आजच्या इवाते प्रांतातल्या शिवा गावाकडचा, अठरा वर्षांचा एक शेतकऱ्याचा पोर कामधंदा शोधत या बंदरात आला होता. नाव चोनोसुके, आडनाव सुकावा. माक्सिमोविचने त्याला घरकामाला ठेवलं आणि थोड्याच दिवसांत त्याच्या हातात झाडं दाबायची फळी दिली. पुढे जपानच्या वनस्पतींविषयी जगाला जे कळलं, त्यातला मोठा वाटा या जोडीचा आहे. एकाला दहा रीची वेस ओलांडता येत नव्हती, दुसऱ्याला लॅटिनचं अक्षर वाचता येत नव्हतं.

आज कुठल्याही वनस्पतीच्या शास्त्रीय नावामागे छोट्या अक्षरांत एखादं त्रोटक नाव लिहिलेलं असतं. ज्याने त्या वनस्पतीचं पहिलं रीतसर वर्णन छापलं, त्याची ती सही. पूर्व आशियातल्या झाडांच्या याद्या चाळल्या तर 'माक्सिम.' ही सही पानोपानी भेटते. या सहीचा धनी आयुष्यातली शेवटची सत्तावीस वर्षं सेंट पीटर्सबर्गमधल्या एका टेबलाशी बसून होता. त्याआधीच्या दहा-अकरा वर्षांतला बराच काळ मात्र तो जहाजांवर, होड्यांत आणि घोड्यावर होता. त्यातला काही भाग तर योगायोगानेच त्याच्या पदरात पडला.

माक्सिमोविचचा जन्म १८२७चा, मॉस्कोच्या दक्षिणेच्या तूला शहरातला. शिक्षण दोर्पात विद्यापीठात. हे शहर आज एस्टोनियात आहे, तार्तू नावाने. त्या काळी ते रशियन साम्राज्यात होतं, आणि विद्यापीठाची भाषा जर्मन होती. तिथे त्याला अलेक्झांडर फोन बुंगे हा गुरू मिळाला. बुंगे स्वतः अल्ताई पर्वत तुडवलेला, पेकिंगपर्यंत जाऊन आलेला माणूस. पुस्तकी वनस्पतिशास्त्राचा तो नव्हता. शिष्य आधी दोर्पातच्या बागेत लागला, आणि १८५२ साली सेंट पीटर्सबर्गच्या शाही वनस्पती उद्यानात हर्बेरियमचा व्यवस्थापक झाला. हे उद्यान पीटर द ग्रेटने १७१४ मध्ये औषधी वनस्पतींसाठी काढलेल्या बागेतून वाढलेलं. हर्बेरियम म्हणजे वाळवलेल्या, कागदावर डकवलेल्या वनस्पतींचा संग्रह. पुस्तकांऐवजी झाडं लावून ठेवलेलं ते एक ग्रंथालयच म्हणा ना.

१८५३ साली 'दियाना' ही रशियन फ्रिगेट पृथ्वीप्रदक्षिणेला निघाली. उद्यानासाठी जिवंत रोपं जमवायची म्हणून माक्सिमोविच तीवर चढला. रिओ, केप हॉर्न, वाल्पाराइसो, होनोलुलू अशी बंदरं घेत जहाज पॅसिफिकमध्ये आलं आणि तेवढ्यात क्रिमियाचं युद्ध पेटलं. इंग्लंड आणि फ्रान्सची आरमारं त्याच समुद्रात रशियन जहाजांच्या मागावर होती. 'दियाना'ने सैबेरियाच्या किनाऱ्यावरच्या दे कास्त्री उपसागरात आसरा घेतला. लढाऊ जहाजावर फुलं गोळा करणाऱ्या माणसाचं आता काय काम? १८५४च्या जुलैमध्ये माक्सिमोविच तिथेच किनाऱ्यावर उतरला.

तो उतरला तेच बरं झालं. 'दियाना' पुढे जपानला गेली. डिसेंबरात शिमोदा बंदरात ती नांगरलेली असताना भूकंप झाला, त्सुनामी आली. लाटेत जहाज गरगर फिरलं, फुटलं आणि काही आठवड्यांनी दुरुस्तीला ओढून नेताना बुडालं. माक्सिमोविच जहाजावर असता तर त्याचे सगळे कागद समुद्राच्या तळाशी गेले असते.

जिथे तो उतरला होता तो मुलूख आमूर नदीचा. ही नदी तेव्हा कागदोपत्री चीनची होती, पण रशियाने तिच्या मुखाशी ठाणी बसवायला सुरुवात केली होती. १८५८च्या आइगुन तहाने नदीचा उत्तर काठ आणि १८६०च्या पेकिंग तहाने उसुरीपलीकडचा प्रदेश रशियाच्या घशात गेला. म्हणजे माक्सिमोविच झाडं मोजत होता तेव्हा शेजारीच सीमारेषा खोडून नव्याने आखल्या जात होत्या. झाडांची यादी आणि मुलखावरचा ताबा यांचं एकोणिसाव्या शतकात असं साटंलोटं सगळीकडेच होतं. रशियाही त्याला अपवाद नव्हता.

आमूरवरची त्याची दोन वर्षं सुखाची नव्हती. लांबलचक हिवाळा, मुक्काम मारिइन्स्कसारख्या नव्याने उभ्या राहिलेल्या ठाण्यांवर, प्रवास स्थानिक नानाई आणि निव्ख लोकांच्या होड्यांतून. प्राणिशास्त्रज्ञ लेओपोल्ड श्रेंक त्याच मुलखात काम करत होता, त्याची अधूनमधून सोबत. पण वनस्पतींच्या दृष्टीने ही जागा अद्भुत होती. एकाच रानात उत्तरेकडचे फर, बर्च आणि दक्षिणेकडच्या वेली शेजारी शेजारी. पाइनच्या खोडावर द्राक्षाचा वेल चढलेला, त्याखाली जिन्सेंगच्या कुळातली झुडपं, आणि पलीकडे वाघाचे ठसे. असं मिश्रण युरोपातल्या वनस्पतिशास्त्रज्ञांनी पाहिलेलं नव्हतं.

गोळा केलेल्या नमुन्यांचे गठ्ठे तो मिळेल त्या वाटेने पीटर्सबर्गला धाडत होता. तिथे रुप्रेख्त नावाच्या ज्येष्ठ शास्त्रज्ञाने ते आले तसे छापायला घेतले, त्यामुळे आमूरच्या कित्येक झाडांच्या नावामागे 'रुप्र. आणि माक्सिम.' अशी जोडसही दिसते. १८५६ मध्ये माक्सिमोविच आमूर सोडून निघाला आणि अख्खा सैबेरिया ओलांडून १८५७ मध्ये राजधानीत पोचला. १८५९ मध्ये त्याचा 'प्रिमितिए फ्लोरे आमुरेन्सिस' हा लॅटिन नावाचा जाडजूड ग्रंथ आला. नावाचा अर्थ साधारण 'आमूरच्या वनस्पतींचं पहिलं पीक'. विद्वानांसाठी मानाचं समजलं जाणारं देमिदोव पारितोषिक त्याला मिळालं. तेव्हा तो बत्तिशीतही पोचला नव्हता.

या 'पहिल्या पिका'तली काही झाडं पुढे फार दूर गेली. अ‍ॅक्टिनिडिया कोलोमिक्टा ही किवीच्या जातकुळीतली वेल. नावातला 'कोलोमिक्टा' हा आमूरकाठच्या लोकांचाच शब्द. हिच्या पानांची टोकं पांढरी-गुलाबी रंगवल्यासारखी दिसतात. फळं बोटाच्या पेराएवढी, गुळगुळीत आणि गोड, आणि वेल इतकी काटक की कडाक्याच्या रशियन थंडीतही मरत नाही. रशियातल्या अंगणांत ती आजही लावतात.

एल्युथेरोकोकस हे काटेरी झुडूप तर विसाव्या शतकात औषधांच्या दुकानांत पोचलं. सोव्हिएत शास्त्रज्ञांनी त्याच्या मुळांवर थकवा घालवणारं टॉनिक म्हणून बरीच वर्षं प्रयोग केले आणि पश्चिमेत ते 'सैबेरियन जिन्सेंग' या नावाने खपू लागलं. खऱ्या जिन्सेंगशी त्याचं नातं लांबच्या चुलत्याचं. अमेरिकेने २००२ साली कायदा करून त्याच्या डबीवर 'जिन्सेंग' लिहायलाच बंदी घातली.

तिसरं उदाहरण जरा कडू आहे. आमूर हनीसकल नावाचं पांढऱ्या फुलांचं, लाल फळांचं देखणं झुडूप बागांमधून पसरत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेत गेलं. पक्ष्यांनी बिया पसरवल्या. वसंतात सगळ्यांच्या आधी याला पालवी येते, हिवाळ्यात सगळ्यांच्या नंतर पानं झडतात. त्यामुळे त्याच्या सावलीत रानातली लहान रोपं जगतच नाहीत. ओहायो, केंटकी भागात आज लोक करवती आणि तणनाशक घेऊन त्याच्यामागे लागलेले असतात. त्याच्या शास्त्रीय नावामागे दोन सह्या आहेत, रुप्रेख्तची आणि माक्सिमोविचची. त्या दोघांना याची कल्पना असणं शक्य नव्हतं.

ग्रंथ हातावेगळा झाल्याझाल्या माक्सिमोविच पुन्हा पूर्वेला निघाला. १८५९ आणि १८६०च्या उन्हाळ्यांत त्याने सुंगारी आणि उसुरी नद्यांचे काठ पालथे घातले, आणि जपानची बंदरं उघडल्याचं पाहून सरळ हाकोदाते गाठलं. रशियाचा वाणिज्यदूत तिथे होता. पुढच्याच वर्षी निकोलाय कासात्किन नावाचा एक तरुण पाद्रीही आला. त्याची गाठ या गोष्टीत पुढे पडणार आहे.

माक्सिमोविच आणि चोनोसुके यांचं काम कसं चालायचं ते समजून घ्यायला हवं, कारण सगळी मेख तिथेच आहे. वनस्पतीचा नमुना म्हणजे नुसती तोडलेली फांदी नव्हे. फूल हवं, जमलं तर फळ हवं, पानं दोन्ही बाजूंनी दिसतील अशी पसरायला हवीत. ती टीपकागदांत घालून, वर-खाली फळ्या लावून आवळायची. ओले कागद रोज काढून कोरडे घालायचे. कंटाळा केला की पानं काळी पडतात, बुरशी धरतात. जपानचे जून-जुलै म्हणजे पावसाचे, दमट महिने, आणि डोंगरातली बरीचशी फुलं नेमकी त्याच सुमारास येतात. चोनोसुकेला हे सगळं पाठीवर बोजा घेऊन, रात्री धर्मशाळांत उतरत, एकट्याने करायचं होतं. शिवाय कोणती दोन झाडं दिसायला सारखी असूनही वेगळी आहेत, हे ओळखायची नजर हवी. ती पुस्तकातून येत नाही. शेतात वाढलेल्या या पोराकडे ती होती, किंवा आली.

माक्सिमोविचने मुक्काम हलवला तसा तोही हलला. दोघं हाकोदातेहून योकोहामाला आले. काळ धोक्याचा होता. १८६२च्या सप्टेंबरात योकोहामाजवळच्या नामामुगी गावात वाटेत आडव्या आलेल्या एका इंग्रज व्यापाऱ्याला सात्सुमा जहागिरीच्या सामुराईंनी कापून काढलं. अशा दिवसांत परदेशी माणसाने बंदराबाहेर फिरण्यापेक्षा जपानी शेतकऱ्याने फिरणंच शहाणपणाचं होतं. माक्सिमोविच पुढे नागासाकीला गेला. चोनोसुके कधी फूजीवर, कधी क्यूशूच्या डोंगरांत, कधी स्वतःच्या नानबूकडे. परतला की गठ्ठे सोडायचे, माक्सिमोविचने भिंग लावायचं, विचारायचं: हे कुठे मिळालं, किती उंचीवर, झाड केवढं होतं?

त्याच काळात इंग्लंडच्या रोपवाटिकांचे शोधकही जपानात होते. जॉन गूल्ड वीच १८६० मध्ये आला, रॉबर्ट फॉर्च्यूनही आला. त्यांना श्रीमंतांच्या बागांत खपेल असं काहीतरी हवं होतं, आणि ते मुख्यत: जपानी माळ्यांच्या बागांतून, बाजारांतून विकत घेत. माक्सिमोविचला रान हवं होतं. सुंदर नसलेलं झाडही त्याला हवं होतं.

१८६४ साली तो जपान सोडून समुद्रमार्गे रशियाला परतला तेव्हा वाळवलेल्या नमुन्यांच्या ७२ पेट्या आणि शेकडो प्रकारच्या बिया-रोपं त्याच्या संग्रहात जमली होती. या कागदांवरच्या चिठ्ठ्या आज जगातल्या मोठ्या हर्बेरियममध्ये पाहायला मिळतात. त्यांवर छापलेलं असतं 'माक्सिमोविच, इतेर सेकुंदुम', म्हणजे 'दुसरा प्रवास', आणि पुढे जागा व साल. पण सगळ्याच चिठ्ठ्यांवर त्याचं एकट्याचं नाव नाही. बऱ्याच ठिकाणी सरळ लिहिलेलं आहे: जपान, नानबू प्रांत, 'चोनोस्की'.

हे सहज घडणारं नव्हतं. एकोणिसाव्या शतकात साहेबाच्या नावावर जमलेल्या संग्रहांतली बरीचशी मेहनत स्थानिक माणसांची असे, आणि त्यांची नावं बहुधा 'माझा माणूस', 'एक देशी संग्राहक' यांत विरघळून जात. माक्सिमोविचने चोनोसुकेचं नाव चिठ्ठीवर लिहिलं आणि मग झाडांनाही दिलं. ट्रिलियम चोनोस्की, एक तीन पानांचं रानफूल. आसेर चोनोस्की, एक मेपल. कार्पिनस चोनोस्की, एक हॉर्नबीम. ऱ्होडोडेंड्रॉन चोनोस्की. आणि एक रानसफरचंद, माल्युस चोनोस्की, जे आज इंग्लंडमध्ये अरुंद रस्त्यांच्या कडेला लावतात, कारण ते खांबासारखं सरळ वाढतं आणि शरदात लालजर्द होतं. तिथल्या कित्येक बागकाम करणाऱ्यांना हा चोनोस्की कुणी पोलिश सरदार वाटत असेल. तो कामधंदा शोधत घराबाहेर पडलेला जपानी शेतकरी होता.

पीटर्सबर्गला परतल्यावर माक्सिमोविचचं भटकणं संपलं. तो विज्ञान अकादमीचा सदस्य झाला, अकादमीचं वनस्पती संग्रहालय आणि उद्यानाचं हर्बेरियम यांचा कारभार त्याच्याकडे आला. बाहेरून पाहणाऱ्याला हे आयुष्य कंटाळवाणं वाटेल. पण मध्य आणि पूर्व आशियातून रशियन मोहिमा जे काही घेऊन येत, ते सगळं याच टेबलावर येऊन पडे. मंगोलिया आणि तिबेटच्या सीमा धुंडाळणारा निकोलाय प्रझेवाल्स्की हा फौजी अधिकारी; रानटी घोड्याच्या एका जातीला त्याचंच नाव आहे. त्याने आपल्या मोहिमांतून सुमारे पंधरा हजार वनस्पती-नमुने आणले. त्यांत सुमारे १,७०० जाती होत्या आणि दोनशेहून अधिक शास्त्राला नव्या. पोतानिन या दुसऱ्या प्रवाशानेही गोबीतून, चीनमधून गठ्ठे आणले. माक्सिमोविचने एका वनस्पतीच्या प्रजातीचं नाव प्रझेवाल्स्किया ठेवलं, दुसरीचं पोतानिनिया. चोनोसुकेला दिलेला न्याय इथेही होता: ज्याने उपसलं त्याचं नाव.

प्रझेवाल्स्कीने चीनच्या कान्सू प्रांतातून आणलेल्या एका पिवळ्या खसखशीसारख्या फुलाचंही वर्णन माक्सिमोविचने केलं. कागदावर वाळलेलं ते फूल पुढे इंग्लंडच्या वीच रोपवाटिका कंपनीला इतकं भुरळ घालून गेलं, की १९०३ मध्ये तिने अर्नेस्ट विल्सन या संग्राहकाला मुख्यतः त्याच्या बियांसाठी चीनला पाठवलं. विल्सनने ते शोधून आणलं.

आशियाच्या पूर्व टोकाची झाडं अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरच्या झाडांसारखी का, हा त्या काळचा एक मोठा प्रश्न होता. हार्वर्डच्या एसा ग्रेने १८५९ मध्ये जपानी नमुन्यांवरून हे साम्य ठळकपणे मांडलं होतं. बर्फयुगांच्या आधी ही रानं उत्तरेकडून एकमेकांना जोडलेली असावीत, असा त्याचा तर्क. आमूर आणि जपानविषयी माक्सिमोविचने छापलेल्या वर्णनांनी अशा तुलनेला आणखी साहित्य पुरवलं. तो स्वतः मोठे सिद्धान्त मांडणाऱ्यांतला नव्हता. नमुना, वर्णन, तुलना, पुढचा नमुना, हेच त्याचं काम.

त्याची एक खोट होती, आणि ती याच स्वभावातून आली. हायड्रेंजिया, ऱ्होडोडेंड्रॉन अशा एकेका गटाचा तो असा कीस काढी की त्या निबंधांना आजही किंमत आहे. नव्या वनस्पतींची वर्णनं तो दहा-दहाच्या हप्त्यांनी वर्षानुवर्षं छापत राहिला. पण जपानच्या वनस्पतींचा संपूर्ण ग्रंथ, ज्याची सगळे वाट पाहत होते, तो त्याच्या हातून झालाच नाही. १८७५ ते १८७९ मध्ये फ्रांशे आणि साव्हाटिए या फ्रेंच जोडीने जपानच्या वनस्पतींची सूची छापून टाकली. साव्हाटिए हा योकोसुकाच्या गोदीतला डॉक्टर. तिबेट आणि मंगोलियावरच्या ग्रंथांचेही फक्त पहिले भाग १८८९ मध्ये आले. सगळं नीट झाल्याशिवाय हातातून कागद सोडायचा नाही, या हट्टाची किंमत त्याने मोजली.

जपानमधलं चित्र मात्र आता बदलत होतं. १८७७ मध्ये टोकियो विद्यापीठ स्थापन झालं आणि अमेरिकेत शिकून आलेला यातबे र्‍योकिची तिथला वनस्पतिशास्त्राचा पहिला जपानी प्राध्यापक झाला. पण तुलना करायला लागणारे मूळ नमुने टोकियोत नव्हते. ते पीटर्सबर्गमध्ये, लायडनमध्ये, पॅरिसमध्ये होते. आपल्याच डोंगरातलं झाड नवं आहे की आधीच नोंदलेलं, हे विचारायला जपानी शास्त्रज्ञांना माक्सिमोविचकडे नमुना पाठवून महिनोन्‌महिने उत्तराची वाट पाहावी लागे. तो उत्तरं देई, कळकळीने देई. तरीही शेवटी निवाडा दूरच्याच दरबारात व्हायचा.

यातून एक नामी भानगड उद्भवली. तोगाकुशी पर्वतावर फिक्या जांभळ्या फुलांची एक वनस्पती मिळाली. यातबेने ती माक्सिमोविचकडे पाठवली. त्याने १८८८ मध्ये कळवलं की ही नुसती नवी जात नाही, अख्खी नवी प्रजाती आहे. तुझ्या सन्मानार्थ 'यातबेआ' नाव देतो, पण त्याआधी आणखी फुलं पाठव. पुन्हा तोच नीटनेटकेपणा! इतो तोकुतारो हा तरुण तेव्हा इंग्लंडमध्ये होता. हीच वनस्पती त्याच्या घराण्याने आधीच गोळा केलेली आणि त्याने स्वतः एकदा वेगळ्या नावाने नोंदवलेली. यातबेच्या नावाचा बेत कानावर येताच त्याने इंग्रजी नियतकालिकात तिला 'रान्झानिया' हे नाव देऊन टाकलं, जुन्या काळचे जपानी विद्वान ओनो रान्झान यांच्या स्मरणार्थ. यातबेचं पित्त खवळलं. त्याने इतोला विद्यापीठाच्या वनस्पतिशास्त्र विभागाची दारं बंद केली. जपानमध्ये त्या बिचाऱ्या फुलाला 'हकालपट्टीची वनस्पती' असं टोपणनाव पडलं ते कायमचं.

दोनच वर्षांनी, १८९० मध्ये, यातबेने टोकियोच्या वनस्पतिशास्त्राच्या मासिकात युरोपीय शास्त्रज्ञांना उद्देशून एक छोटंसं निवेदन छापलं. यापुढे आम्ही आमच्या वनस्पतींची नावं युरोपातल्या तज्ज्ञांना विचारल्याशिवाय स्वतःच ठेवू, असा त्याचा आशय. यातबे माणूस म्हणून कसाही असो, हे म्हणणं रास्त होतं. शिवाय वेळही योग्य होती: विद्यापीठाचं हर्बेरियम तोवर बऱ्यापैकी भरलं होतं.

त्याच वर्षी यातबेने आणखी एकाला दार दाखवलं. माकिनो तोमितारो. शिकोकू बेटावरच्या साकावा गावातल्या साके गाळणाऱ्या घरातला मुलगा, प्राथमिक शाळाही पुरी न केलेला, पण वनस्पतींचं वेड असं की घरची सारी दौलत त्यात गेली. तो विद्यापीठाच्या ग्रंथालयात आणि हर्बेरियममध्ये मोकळेपणी वावरे. आता तुझं काम आमच्या कामाला आडवं येतं, असं सांगून यातबेने त्याला बाहेर काढलं. माकिनोने माक्सिमोविचकडे पूर्वीपासून नमुने आणि चित्रं पाठवली होती. त्या चित्रांचं पीटर्सबर्गमध्ये कौतुक झालं होतं, आणि एका छोट्याशा पिवळ्या फुलाच्या वनस्पतीला माक्सिमोविचने 'सेडम माकिनोई' असं नावही दिलं होतं. मग टोकियोत दारं बंद, तर रशियालाच का जाऊ नये? माकिनोने तयारी केली. मध्यस्थीला तो गेला तो टोकियोतल्या रशियन बिशपकडे. हा बिशप म्हणजे तीस वर्षांपूर्वी हाकोदातेला आलेला तोच तरुण पाद्री निकोलाय. त्याने पत्र लिहिलं.

उत्तर आलं ते मृत्यूचं. १८९१च्या फेब्रुवारीत माक्सिमोविच इन्फ्लुएंझाने गेला होता. त्या दोन-तीन वर्षांत या साथीने युरोपभर थैमान घातलं होतं. वय ६३. माकिनोचं रशियाला जाणं राहिलं. तो जपानमध्येच राहिला, पुढे पुन्हा विद्यापीठात आला आणि आपल्या देशाचा सर्वांत लोकप्रिय वनस्पतिशास्त्रज्ञ झाला. २०२३ मध्ये जपानी दूरचित्रवाणीवर त्याच्या आयुष्यावर बेतलेली मालिका गाजली.

चोनोसुकेचं काय झालं? तो नानबूला परतून शेती करत राहिला, आणि मधूनमधून पीटर्सबर्गहून निरोप आला की पुन्हा डोंगरात जाई. १८८९ मध्ये, सत्तेचाळिसाव्या वर्षी, तातेयामा पर्वताच्या उंच उतारावर त्याने खडकाला चिकटून वाढणारी पांढऱ्या फुलांची एक वनस्पती उचलली. युरोपच्या आल्प्समध्ये दिसणाऱ्या ड्रायसची ही बहीण. तिचं जपानी नाव माकिनोने ठेवलं: चोनोसुके-सो, चोनोसुकेची वनस्पती. चोनोसुके १९२५ पर्यंत जगला.

माक्सिमोविचच्या नावाचीही झाडं आहेत. होक्काइदोच्या रानात दिसणारा, बर्च कुळात सर्वांत मोठ्या पानांचा बर्च, म्हणजे आपल्या भूर्जाचा नातलग, त्याच्या नावाचा आहे; एक पॉप्लरही आहे. रुप्रेख्तने तर एका वेलीची अख्खी प्रजाती 'माक्सिमोविचिया' म्हणून त्याला वाहिली होती, पण नंतरच्या शास्त्रज्ञांना ती वेगळी प्रजाती वाटली नाही आणि नाव गळालं. नावांच्या बाबतीत शास्त्र कुणाची भीड ठेवत नाही.

एक व्यवहार मात्र त्याच्या मृत्यूनंतर सत्तर-एक वर्षांनी पुरा झाला. फिलिप फोन सिबोल्ड हा जर्मन डॉक्टर १८२०च्या दशकात नागासाकीत होता. जपानचे नकाशे बाळगल्यावरून त्याला देशाबाहेर घालवलं होतं. त्याच्या मृत्यूनंतर माक्सिमोविचने सिबोल्डच्या विधवेकडून त्याचे वनस्पती-नमुने आणि जपानी चित्रकारांकडून काढून घेतलेली चित्रं रशियासाठी विकत घेतली. १९५७ मध्ये माकिनो वारला तेव्हा त्याच्या घरात जुन्या वर्तमानपत्रांत गुंडाळलेले सुमारे चार लाख नमुने निघाले. टोकियोत त्यांच्यासाठी वेगळं हर्बेरियम उभं राहिलं आणि जादाचे नमुने परदेशी संस्थांशी अदलाबदलीसाठी निघाले. काही पेट्या लेनिनग्राडच्या कोमारोव संस्थेकडे, म्हणजे माक्सिमोविचच्याच जुन्या हर्बेरियमकडे, रवाना झाल्या. बदल्यात तिकडून जे गठ्ठे टोकियोला आले, त्यांत सिबोल्डने जमवलेले आणि माक्सिमोविचने विकत घेतलेले जपानी वनस्पतींचे नमुने होते.